पाला ते पेला: वाळवण आणि मिश्रणाच्या प्रकल्प नोंदी

१६ ऑक्टोबर २०२५

तुळस, गवती चहा, पुदिना, अंबाडी, सुंठ घरीच वाळवून त्यांची पेय मिश्रणं करायची आणि पाकिटं भरायची, त्या कामाच्या या नोंदी. जागा परभणी तालुक्यातली. माळवदाची, म्हणजे मातीच्या सपाट छताची, जुनी खोली रिकामी करून घेतली. माळवद असल्यामुळे दुपारी आत ३१ अंश आणि अंधार, पत्र्याच्या खोलीत त्याच वेळी ३९. पानांना अंधार आणि खेळती हवा लागते, म्हणून माळवद. पत्र्याची खोली सुंठीसाठी राखून ठेवली.

सहा ट्रे तयार केले. ९० × ६० सेंटिमीटरची लाकडी चौकट, तळाला ताणून बसवलेली नायलॉनची मच्छरदाणी. गोणपाट वापरू नये, त्याचा वास पानांना लागतो आणि तंतू पेल्यात येतात. ट्रे एकावर एक रचले तरी मध्ये १५ सेंटिमीटर मोकळं ठेवायचं. दोन वजनकाटे: एक १० किलोचा, एक दशांश ग्रॅम दाखवणारा. भिंतीवर आर्द्रतामापक. आज दुपारी ४८ टक्के, पहाटे ८१. पुढच्या सगळ्या भानगडी या दोन आकड्यांतल्या फरकाने होणार आहेत.

सप्टेंबरच्या अतिवृष्टीत बांधावरच्या तुळशीच्या खालच्या पानांवर चिखल उडाला होता, वर काळे ठिपकेही आहेत. ती पानं धुऊन चालणार नाहीत. खालचा वीतभर भाग सोडून नव्या फुटीचीच घ्यायची. फवारणीच्या कपाशीला लागून असलेलं काहीही घ्यायचं नाही. कपाशीच्या बाजूच्या दोन ओळी सोडल्या.

१८ ऑक्टोबर

गवती चहा कापला. जमिनीपासून चार बोटं वर विळ्याने. सकाळी दव उडाल्यावर, साडेनऊच्या पुढे. दवासकट कापला तर तेवढं पाणी फुकट वाळवत बसावं लागतं. पूर्ण बाह्यांचा सदरा आणि हातमोजे घालूनच, पात्याची कड ब्लेडसारखी कापते.

कापलेला ३,००० ग्रॅम. पिवळी पाती आणि करपलेले शेंडे काढून २,७००. एक दिवस आख्खाच सावलीत सुकवायचा आणि चामड्यासारखा वातड झाला की मग ५ मिलिमीटरचे तुकडे करायचे. कडकडीत वाळल्यावर कापला तर कुसळं उडतात, भुसा होतो. ताजा कापला तर कापलेल्या कडांतून वास निघून जातो. कडबा कुट्टीवर पाच मिनिटांत झालं असतं, पण त्या यंत्राला ज्वारीच्या धाटाची धूळ आणि ग्रीसचा वास असतो. मोठ्या कात्रीनेच केलं.

१,३५० ग्रॅमचे दोन वाटे. एक माळवदावर उन्हात, एक खाली खोलीत.

२१ ऑक्टोबर

लक्ष्मीपूजन. ट्रे झाकून ठेवले, बाकी काम नाही.

२३ ऑक्टोबर

उन्हातला दीड दिवसात वाळला होता: ३४६ ग्रॅम. खोलीतल्याला चार दिवस लागले: ३७१ ग्रॅम.

उन्हातला वाटा गव्हाच्या काडासारखा पिवळा. चुरगळून नाकाशी धरला तर आधी वाळल्या गवताचा वास, लिंबाचा मागून आणि पुसट. खोलीतला पोपटी-हिरवा, डबा उघडताच लिंबासारखा वास. दोन्ही २ ग्रॅम २०० मिलिलिटर पाण्यात सात मिनिटं ठेवून पाहिले. उन्हातल्याचा पेला चवीला पाणीच. गवती चहाचा वास मुख्यतः सिट्रल या द्रव्याचा. ऊन आणि उष्णता लागली की ते उडतं आणि बिघडतंही. उन्हातला सगळा बाजूला काढला, आंघोळीच्या पाण्यात टाकायला बरा.

पापड-कुरडयांची सवय असल्यामुळे वाळवण म्हटलं की पाय आपोआप माळवदाकडे वळतात. पानांसाठी ती सवय मोडावी लागते.

२९ ऑक्टोबर

पुदिना वाया गेला. सगळा.

चूक अशी: काड्यांसकट ९०० ग्रॅम एकाच ट्रेवर पसरला. त्याच रात्री ढग आले, पहाटे खोलीत आर्द्रता ८८. दुसऱ्या दिवशी वरचा थर ठीक दिसत होता, हात घालून पाहिलं तर खाली कोमट आणि ओलसर. तिसऱ्या दिवशी खालची पानं काळी, वास कुबट. वरची चांगली पानं निवडून वाचवायचा मोह होतो, तो टाळला. बुरशी डोळ्यांना दिसते त्याच्या आधीच पसरलेली असते. खड्ड्यात टाकला.

पुदिन्यात पाणी ८५ टक्क्यांच्या आसपास, पान पातळ, एकमेकांना चिकटतं. त्याला एका ट्रेवर ३०० ग्रॅमच्या वर पसरायचं नाही, पानं काड्यांवरून खुडून घ्यायची, आणि ढगाळ दिवशी टेबल फॅन रात्रभर चालू ठेवायचा. पंख्याचा झोत पानांवर नको, भिंतीवर मारायचा, नाहीतर सुकलेली पानं खोलीभर होतात. घरच्या ओव्हनचा उपयोग नाही, त्याचा खालचा काटाच बहुधा १०० ला असतो. पानांना ४० अंश पुष्कळ झाले.

३ नोव्हेंबर

पुदिना दुसऱ्यांदा. काड्यांसकट १,००० ग्रॅम, खुडल्यावर पानं ५६०, दोन ट्रेवर. पंखा लावला. साडेतीन दिवसांनी हाताला ९० ग्रॅमच्या आसपास लागेल असा हिशोब.

हिशोब कसा करायचा ते एकदाच लिहून ठेवतो. ५६० ग्रॅममध्ये ८५ टक्के पाणी, म्हणजे सुकं द्रव्य ८४ ग्रॅम. वाळल्यावर १० टक्के ओल ठेवायची असेल तर ८४ ला ०.९ ने भागायचं: ९३. ट्रे ९३ वर आला की झालं. त्याच्या बराच वर थांबला असेल तर पान हाताला कुरकुरीत लागलं तरी आत पाणी आहे.

६ नोव्हेंबर

पुदिना उतरवला, ९२ ग्रॅम.

आज तुळस. कार्तिकी एकादशी, मग तुळशीची लग्नं. काल पौर्णिमा झाली. तोवर वृंदावनातल्या तुळशीला कुणी हात लावू देणार नव्हतं, आणि एकादशी-द्वादशीला तर बांधावरचीही खुडली जात नाही. पुढच्या वेळी कापणीची तारीख पंचांग पाहून धरायची, ट्रे रिकामे राहतात.

कृष्णतुळस आणि रामतुळस वेगळ्या ठेवल्या. कृष्णतुळस जास्त तिखट, लवंगेच्या अंगाने जाणारी, कारण तुळशीत आणि लवंगेत दोन्हींत युजेनॉल हे वासाचं द्रव्य असतं. म्हणूनच तुळस जास्त असलेल्या मिश्रणात लवंग घालू नये, पेला दातांच्या दवाखान्यासारखा लागतो.

२,००० ग्रॅम शेंडे आणले. बी धरलेल्या मंजिऱ्या काढल्या, त्या भिजल्या की बुळबुळीत होतात आणि चव भरड लागते. खुडलेली पानं १,१५०. खुडायला दोघी बायकांना पावणेदोन तास लागले. दोन पाण्यांतून अलगद काढून सुती धोतरात सैल बांधून गोल फिरवली. पाणी उडून जातं आणि पान चेंगरत नाही. पिळायचं नाही: जिथे पान दुमडलं, तिथे ते तासाभरात काळं पडतं. तीन ट्रे, प्रत्येकी साधारण ३८० ग्रॅम.

१० नोव्हेंबर

दुसऱ्या ट्रेचं पान काल संध्याकाळी सहाला ७८.४ ग्रॅम. आज सकाळी सातला ८४.१. रात्रभर उघडं राहिलं आणि पावणेसहा ग्रॅम पाणी हवेतून परत प्यायलं. वाळत आलेलं पान टीपकागदासारखं असतं. तेव्हा पाच वाजता ट्रे एकत्र रचून वरून जाड चादर टाकायची, सकाळी नऊनंतर, आर्द्रता ६० च्या खाली आली की उघडायचं. शेवटच्या दिवसाचं पान तर दुपारी तीन-चारच्या सुमारासच बरणीत भरायचं. सकाळी भरलेली बरणी आणि दुपारी भरलेली बरणी यांत दोन-तीन टक्के ओलीचा फरक पडतो आणि तेवढ्यावर बुरशी येते की नाही ते ठरतं.

११ नोव्हेंबर

ओल मोजली. नेमकं १०.० ग्रॅम तुळस स्टीलच्या ताटलीत, ओव्हनमध्ये १०५ अंशांवर तीन तास. उतरलं ८.७. म्हणजे १३ टक्के. यात थोडं तेलही उडून जातं, त्यामुळे आकडा किंचित जास्त दिसतो, पण १३ हे १३ च धरायचं. आणखी एक दिवस ठेवलं.

१२ नोव्हेंबर

पुन्हा मोजलं: ९.१ उरलं, ९ टक्के. तुळस एकूण २१५ ग्रॅम. बरणीत.

१८ नोव्हेंबर

गवती चहाच्या बरणीच्या झाकणाला आतून धुकं. पान वाळलं होतं, पण बुडखा, म्हणजे पातं जिथे खोडाला बिलगतं तो जाड पांढरट भाग, आतून ओला राहिला होता. बंद बरणीत ती ओल बाहेर आली.

भरल्यापासून आठ दिवस काचेची बरणी रोज पाहायची ती यासाठीच. स्टीलच्या डब्यात हे दिसलंच नसतं, थेट बुरशी दिसली असती. सगळं ताटात ओतून बुडख्याचे तुकडे निवडून काढले (२९ ग्रॅम), बाकी एक दिवस पुन्हा ट्रेवर. वास शाबूत आहे. पुढच्या कापणीला चार बोटं नाही, वीतभर वरून कापायचं.

२४ नोव्हेंबर

अंबाडी. इथे घोळ व्हायची शक्यता सगळ्यात जास्त, म्हणून सविस्तर.

आपल्याकडे भाजीला आणि वाखासाठी जी अंबाडी तुरीत-ज्वारीत पेरतात, तिच्या बोंडाचं बाहेरचं आवरण पातळ आणि काटेरी लवेचं. त्यात गर नाही. पेयाला लागते ती जाड, मांसल, गडद लाल आवरणाची जात. झाड दुरून सारखंच दिसतं. ओळखायची खूण: आवरणाची पाकळी मोडली की काकडीसारखा कट्ट आवाज आला पाहिजे.

फूल गळाल्यावर तीन आठवड्यांच्या आसपास बोंडं काढायची. उशीर झाला की आतली शेंग टणक होते, आवरण पातळ आणि तंतूदार. शेंग बाहेर ढकलायला अर्ध्या इंचाचा स्टीलचा पाइप देठाकडून दाबून फिरवला, आवरण फुलासारखं मोकळं सुटतं. चाकूपेक्षा तिप्पट वेग. २,००० ग्रॅम बोंडांतून आवरण १,०४०.

रंग उन्हात फिका पडतो, म्हणून हीसुद्धा सावलीतच. पण पान नव्हे, जाड गर आहे: सहा-सात दिवस धरायचे, रोज हाताने उलटायची.

१ डिसेंबर

अंबाडी १५४ ग्रॅम. वाळली तरी काचेसारखी तडकत नाही, मनुक्यापेक्षा थोडी कडक, हाताला किंचित चिकट. आंबट पदार्थ हवेतली ओल फार ओढतात. ही स्वतंत्र बरणीत, आणि मिश्रणात अगदी शेवटी. आधी घातली तर आपली ओल तुळशीला देऊन मोकळी होते.

२ डिसेंबर

सुंठ. आलं खुलताबादकडचं, २,००० ग्रॅम. रात्रभर भिजत घालून चमच्याच्या कडेने साल खरवडलं. सुरीने सोलू नये, सालीलगतच वासाचा भाग जास्त. खरवडून १,८२०. तीन मिलिमीटरच्या चकत्या, पत्र्याच्या खोलीत आणि दुपारी उन्हात. आल्याला ऊन चालतं. उलट, वाळताना आल्यातल्या जिंजेरॉल या तिखट द्रव्याचं शोगाओल होतं आणि ते जास्त तिखट, म्हणून सुंठ ओल्या आल्यापेक्षा घशाला झोंबते.

७ डिसेंबर

सुंठ ३४५ ग्रॅम. चकती वाकवली की मोडते, मध्ये करडी रेघ नाही.

९ डिसेंबर

पहिली मिश्रणं. सगळं वजनाने. चमच्याने मापायचं नाही: एक चमचा पुदिना अर्धा ग्रॅमही भरत नाही, एक चमचा सुंठ अडीच ग्रॅम भरते.

पहिलं, सकाळचं, १०० ग्रॅमसाठी: तुळस ४०, गवती चहा ३५, सुंठ १२, पुदिना ८, वेलदोडा ५.

दुसरं, लाल: अंबाडी ४५, गवती चहा २५, बडीशेप १५, सुंठ ८, दालचिनी ७.

तिसरं, रात्रीचं: बडीशेप ३०, तुळस २५, गवती चहा २०, गावठी गुलाबाच्या पाकळ्या १५, ज्येष्ठमध १०.

ज्येष्ठमध १० च्या वर नेला की गोडवा जिभेवरून जातच नाही. त्यातल्या ग्लायसिरायझिनमुळे रक्तदाब वाढतो आणि शरीरातलं पोटॅशियम घटतं. रक्तदाबवाल्यांना आणि गरोदर बाईला तिसरं मिश्रण द्यायचं नाही, हे पाकिटावर जाड अक्षरात येईल. गुलाबाच्या पाकळ्या घरच्याच झाडाच्या, हारवाल्याकडच्या नाहीत. बाजारातल्या गुलाबावर किती फवारे असतात ते बागवानाला विचारावं.

१३ डिसेंबर

पहिल्या मिश्रणाबद्दल तक्रार: बुधवारी मिळमिळीत, शुक्रवारी घसा जाळणारं, बरणी एकच. पाहू म्हणून बरणीच्या तोंडाशी १० ग्रॅम आणि तळाचं १० ग्रॅम काढून पांढऱ्या ताटात चिमट्याने सुंठ वेचली. वर ०.६ ग्रॅम, खाली २.१. असायला हवी १.२.

कारण साधं. तुळशीचं पान मोठं आणि हलकं, सुंठ बारीक आणि जड. बरणी हलली की सुपात पाखडल्यासारखं होतं, फक्त उलट्या दिशेने: जड ते तळाला. दोन उपाय केले. एक, सगळ्यांचा आकार जवळ आणला. तुळस-पुदिना हाताने चुरून गव्हाच्या चाळणीतून खाली पाडला, सुंठ आणि दालचिनी खलबत्त्यात तुरीच्या डाळीएवढी फोडली. मग सगळंच रव्याच्या चाळणीवर धरून खालची भुकटी काढून टाकली. ही भुकटी पेला गढूळ आणि कडवट करते. ती भाजीच्या मसाल्यात जाते. दोन, मोठी बरणी मिसळून त्यातून पाकिटं भरायची नाहीत. ५० ग्रॅमच्या पाकिटात प्रत्येक घटक वेगळा तोलून टाकायचा. वेळ दुप्पट लागतो, पण पाकीट आणि पाकीट सारखं.

मिक्सर वापरू नका. पान गरम होतं, भुकटी तिप्पट पडते.

१९ डिसेंबर

वेळ अमावस्या, शेतात जेवायचा सण. चव घ्यायचं ठरलं होतं ते पुढे ढकललं. भज्जी आणि आंबील जेवलेल्या जिभेला सात मिनिटं आणि दहा मिनिटं यांतला फरक काय कळणार!

२१ डिसेंबर

पाणी. लाल मिश्रण, तीन पेले, प्रत्येकी २ ग्रॅम आणि २०० मिलिलिटर, सात मिनिटं झाकून.

फिल्टरच्या जारचं पाणी: लखलखीत माणकासारखा लाल, आंबट स्वच्छ.
बोअरचं पाणी: मळकट जांभळट-तपकिरी, आंबटपणा निम्माही नाही, वर पातळ साय.
बोअरचंच, पण दहा मिनिटं खळखळ उकळून, थंड करून, तळाचा पांढरा गाळ सोडून वरचं घेतलेलं: या दोघांच्या मधलं, पिण्याजोगं.

बोअरच्या पाण्यातला बायकार्बोनेट हा क्षार अंबाडीची आम्लता मारतो. तिचा लाल रंग आम्लावरच अवलंबून, आम्ल गेलं की रंगही फिरतो. बिघडलेल्या पेल्यात अर्धं लिंबू पिळलं तर डोळ्यांदेखत पुन्हा लाल होतो. म्हणजे माल चांगला असूनही गावोगावी वेगळा दिसणार. पाकिटावर पाण्याची एक ओळ लागेल.

भांडं: स्टील किंवा काच. जर्मनच्या (ॲल्युमिनियमच्या) पातेल्यात किंवा बिनकल्हईच्या पितळी भांड्यात अंबाडी कधीही नाही, आंबट भांड्याला खातं आणि ते पोटात जातं. दूधही नाही, लगेच फाटतं. गूळ चालतो, पण उतरवल्यावर.

२८ डिसेंबर

उकळण्याची पद्धत ठरली. आपला हात चहाच्या सवयीने सगळं पाण्यात टाकून खळखळ उकळायला जातो. तुळस-पुदिन्याचं असं केलं की सगळा वास स्वयंपाकघरात आणि पेल्यात फक्त कडूपणा. आयुर्वेदात गरम पाण्यात भिजवून गाळतात तो फांट, आणि उकळून आटवतात तो क्वाथ. पानांना फांट, मुळं-सालींना क्वाथ, ही वाटणी अगदी व्यवहारातली आहे.

दोन माणसांसाठी: ४०० मिलिलिटर पाणी उकळलं की गॅस बंद, ४ ग्रॅम मिश्रण, लगेच झाकण. पहिलं सात मिनिटं, लाल सात, रात्रीचं दहा. झाकण काढताना त्याला आतून लागलेले थेंब पेल्यातच झटकायचे, वासाचं तेल त्यांत असतं. पहिलं मिश्रण दहा मिनिटं ठेवलं तर तुळस जिभेला बधिर करते. चार मिनिटांत सुंठ उतरत नाही. सुंठ फोडून लहान केल्यामुळेच एका भांड्यात काम होतं. चकत्या तशाच असत्या तर त्या आधी आठ-दहा मिनिटं वेगळ्या उकळाव्या लागल्या असत्या.

पहिल्यात फेरफार: तुळस ४० वरून ३६, गवती चहा ३९. वेलदोडा सालासकट, पाकीट भरायच्या दिवशीच ठेचायचा. आधी ठेचलेला आठवड्यात निर्जीव होतो, आख्खा घातला तर पेल्यात काहीच देत नाही.

६ जानेवारी २०२६

नाव. डिसेंबर २०२५ मध्ये अन्न सुरक्षा प्राधिकरणाने स्पष्ट केलं की चहाच्या झाडापासून, म्हणजे कॅमेलिया सायनेन्सिसपासून, न बनलेल्या पेयावर ‘चहा’ हा शब्द लावता येणार नाही. ‘हर्बल टी’ छापायला दिलेलं थांबवलं. ‘वनस्पती पेय मिश्रण’ असं जाईल. अडचण एकच: घटकांच्या यादीत गवती चहाला काय लिहायचं? त्या गवताची मराठीतली दुसरी रूढ नावं, पातीचा चहा वगैरे, तीही ‘चहा’चीच. शास्त्रीय नाव सोबत देणार: सिंबोपोगॉन सिट्रेटस.

सर्दी, मधुमेह, वजन यांबद्दल एक अक्षरही नाही. लाल पाकिटावर एवढंच: रक्तदाबाची गोळी चालू असेल तर डॉक्टरांना विचारून घ्या.

१२ जानेवारी

पाकिटं. साध्या पॉलिथिनमध्ये दहा दिवस ठेवलेली तुळस कपाटभर घमघमत होती. म्हणजे वास पिशवीतून बाहेर. ॲल्युमिनियमचा थर असलेले पाऊच घेतले, ५० ग्रॅमचे, सीलची पट्टी दोनदा.

जुन्या सुंठीच्या डब्यात बारीक छिद्रं आणि तपकिरी भुंगे दिसले. या हंगामातली सुंठ, बडीशेप आणि दालचिनी म्हणून आधीच हवाबंद पिशवीत चार दिवस फ्रीझरमध्ये. बाहेर काढल्यावर पिशवी लगेच फोडायची नाही. खोलीच्या तापमानाला यायला रात्रभर ठेवायची, नाहीतर गार सुंठीवर दव धरतं आणि तीन महिन्यांची मेहनत पुन्हा ओली.

प्रत्येक मिश्रणाचं एक पाकीट काट्यावर तोलून, वजन वर लिहून, जून उजाडेपर्यंत माळवदाच्या खोलीत. पहिला पाऊस पडल्यावर दर पंधरा दिवसांनी तोलायचं. वजन वाढलं तर सील गळतंय.